पोटरीत गोळा का येतो?

पहाटे पाच-साडेपाचच्या सुमारास नारायणगाव-जुन्नर किंवा मंचर-घोडेगाव रस्त्याने जाणाऱ्यांना धावणारी तरुण मुले-मुली हमखास दिसतात. कुणाची पोलीस भरतीची तयारी चाललेली असते, कुणाची सैन्यभरतीची. त्याच रस्त्याच्या कडेने, मधुमेह किंवा रक्तदाबामुळे डॉक्टरांनी 'रोज चाला' असे सांगितलेली वडीलधारी मंडळीही चालत असतात. या साऱ्यांची एक तक्रार सारखी असते : "पाय दुखतात."

परंतु सगळ्यांचे दुखणे एक नसते. धावता धावता पोटरीत गोळा येणे, शिवनेरी चढून-उतरून आल्यावर दुसऱ्या दिवशी जिना उतरता न येणे, नडगीवर एकाच जागी ठणकणे आणि बाजारात चालताना दर दोनशे पावलांवर पोटरी भरून येणे, ही चार वेगवेगळी दुखणी आहेत. घरात मात्र चौघांनाही एकच सल्ला मिळतो : तेल लावून चोळा, मीठ-साखरेचे पाणी प्या आणि दुखायची थांबण्याची एक गोळी घ्या. पहिल्या दुखण्यात या सल्ल्याचा थोडाफार उपयोग होतो. शेवटच्या दुखण्यात मात्र त्यात वेळ जातो आणि क्वचित प्रसंगी पायही गमवावा लागतो.

म्हणून पाय दुखत असतील तर दोन प्रश्न आधी स्वतःला विचारावेत. दुखणे केव्हा सुरू होते? आणि ते कशाने थांबते? या दोन प्रश्नांच्या उत्तरांतच बहुतेक वेळा निदान दडलेले असते.

गोळा म्हणजे नेमके काय?

आपल्याकडे कुणी 'पेटका आला' म्हणतात, कुणी 'शीर चढली', तर कुणी 'वात आला' म्हणतात. वास्तविक शीर कुठेही चढत नाही. आपल्या इच्छेशिवाय स्नायू एकाएकी घट्ट आकसतो आणि काही सेकंद ते काही मिनिटे तसाच राहतो. हात लावला तर तो दगडासारखा कठीण लागतो. पोटरी, मांडीची मागची बाजू आणि तळपाय या ठिकाणी हे अधिक घडते.

स्नायूला मज्जारज्जूकडून सतत संदेश येत असतात. स्नायूच्या आत असलेले सूक्ष्म संवेदक 'आकस' असे सांगणारे संदेश वाढवतात. स्नायू जिथे दोरीसारख्या कंडरेला जोडलेला असतो तिथले संवेदक 'आता पुरे' असे सांगतात. स्नायू ताजा असताना या दोहोंचा मेळ नीट असतो. तो फार थकला की पहिले संदेश वाढतात, दुसरे दुबळे होतात आणि स्नायू सैल व्हायचे विसरतो. दक्षिण आफ्रिकेतील क्रीडावैद्यक तज्ज्ञ मार्टिन श्वेल्नस यांनी ही उपपत्ती १९९७ साली सविस्तर मांडली. पुढे लांब पल्ल्याच्या धावपटूंच्या रक्ततपासण्या झाल्या. गोळा आलेल्या आणि न आलेल्या धावपटूंच्या रक्तातील क्षारांमध्ये आणि शरीरातील पाण्याच्या प्रमाणात म्हणावा असा फरक आढळला नाही.

यावरून एक गोष्ट समजते. गोळा बहुधा शर्यतीच्या शेवटी येतो, नेहमीपेक्षा जोरात धावल्यावर येतो आणि ज्या स्नायूने सर्वांत जास्त काम केले त्यालाच येतो. अंगातील मीठ कमी झाले एवढेच कारण असते तर साऱ्या अंगाला गोळे यायला हवे होते.

मग मीठ-पाण्याचा काहीच संबंध नाही काय?

आहे, पण तो ठरावीक परिस्थितीत. १९२० च्या दशकात इंग्लंडमधील खोल आणि उष्ण कोळसा खाणींतील मजुरांना भयंकर पेटके येत. घामावाटे भरपूर मीठ जाई आणि तहान भागवायला ते नुसते पाणी पीत. शास्त्रज्ञ जे. एस. हाल्डेन यांनी त्यांच्या पिण्याच्या पाण्यात थोडे मीठ घालण्याचा उपाय सुचवला आणि मजुरांना आराम पडला.

आपल्याकडेही अशी परिस्थिती येते. एप्रिल-मे महिन्यांत भर उन्हात टोमॅटोचे क्रेट किंवा कांद्याच्या गोण्या उचलणारा मजूर, द्राक्षबागेत दिवसभर राबणारी बाई, जुलाब-उलट्या झालेला माणूस यांच्या शरीरातून पाणी आणि मीठ दोन्ही जाते. उन्हात कष्ट करताना तासाला एक लिटर किंवा त्याहूनही अधिक घाम जाऊ शकतो. एका लिटर घामात साधारण दोन ते चार ग्रॅम मीठ असते. माणसागणिक हे प्रमाण कमी-जास्त होते. घाम वाळल्यावर ज्यांच्या सदऱ्यावर पांढरे डाग उठतात, त्यांचे मीठ अधिक जाते असे समजावे.

अशा वेळी नुसते पाणी ढोसत राहणेही बरे नाही. २००२ सालच्या बोस्टन मॅरेथॉनमध्ये धावलेल्या ४८८ जणांच्या रक्ताची तपासणी झाली. त्यांपैकी १३ टक्के जणांच्या रक्तातील सोडियम गरजेपेक्षा कमी झालेले आढळले. शर्यतीत ज्यांनी वारेमाप पाणी प्यायले होते, त्यांच्यात हे प्रमाण अधिक होते. सोडियम फार घटले तर डोके दुखते, मळमळते, माणूस बरळू लागतो आणि झटकेही येतात. तेव्हा तहान लागेल तसे पाणी प्यावे आणि घाम खूप जात असेल तर सोबत ताक-मीठ, लिंबू सरबत किंवा भाकरी-चटणी असे काही खारट पोटात जाऊ द्यावे. जुलाब झाले असतील तर दवाखान्यात मिळणारी क्षार-संजीवनीची पुडी सर्वांत चांगली. ती नसेल तर एक लिटर स्वच्छ पाण्यात सहा सपाट चमचे साखर आणि अर्धा सपाट चमचा मीठ. चमचा चहाचा घ्यावा. 'थोडे जास्त मीठ बरे' असे म्हणून हे प्रमाण वाढवू नये. रक्तदाब, हृदयविकार किंवा मूत्रपिंडाचा विकार असणाऱ्यांनी डॉक्टरांना विचारल्याशिवाय खारट पाणी पिऊ नये.

एक गमतीची गोष्ट येथे सांगण्यासारखी आहे. अमेरिकेत २०१० साली प्रसिद्ध झालेल्या एका प्रयोगात विजेच्या सौम्य झटक्याने पायाच्या स्नायूत मुद्दाम पेटका आणला आणि लोणच्याचा खार प्यायला दिला. साधारण दीड मिनिटात पेटका ओसरला. एवढ्या वेळात खारातील मीठ पोटातून रक्तात पोचत नाही. म्हणजे आंबट-तिखट चवीने घशातील मज्जातंतूंना चेतना मिळून तिथूनच स्नायूकडे 'सैल हो' असा निरोप जात असावा, असा तर्क संशोधकांनी केला.

गोळा आल्यावर काय करावे?

धावणे ताबडतोब थांबवावे आणि आकसलेला स्नायू हळूहळू ताणावा. पोटरीत गोळा आला असेल तर खाली बसून गुडघा सरळ करावा आणि पायाचा चवडा हाताने आपल्याकडे ओढावा. हात पोचत नसेल तर टॉवेल किंवा उपरणे चवड्याला अडकवून ओढावे. उभे राहूनही हे करता येते : भिंतीला हात टेकून, दुखरा पाय मागे ठेवून, टाच जमिनीला चिकटवून पुढे झुकावे. मांडीच्या मागे गोळा आला असेल तर पाय सरळ करून कमरेतून पुढे वाकावे. वीस ते तीस सेकंद ताण धरावा, सोडावा, पुन्हा धरावा. झटके देऊ नयेत.

ताणल्याने गोळा का जातो? कंडरेवर ओढ बसली की तिथले 'आता पुरे' सांगणारे संवेदक जागे होतात. चोळण्याने हे काम तितके होत नाही. गोळा सुटल्यावर हलके चोळणे, गरम पाण्याने शेकणे चांगले. मात्र तेवढ्यावर पुन्हा धावायला लागू नये. थकलेल्या स्नायूत त्याच दिवशी पुन्हा गोळा येण्याची शक्यता मोठी असते.

दुसऱ्या दिवशीची पायदुखी

लेण्याद्रीच्या पावणेतीनशेहून अधिक पायऱ्या, भीमाशंकरच्या पायऱ्या, नाणेघाट किंवा जीवधनची वाट यांचा अनुभव असलेल्यांना ठाऊक आहे : चढताना दम लागतो, पण पाय दुखतात ते उतरल्यामुळे. उतरताना मांडीचा स्नायू ताणला जात असतानाच शरीराचा भार तोलून धरतो. या कामात त्याच्या तंतूंना बारीक बारीक इजा होतात. म्हणून दुखणे लगेच येत नाही. ते दुसऱ्या-तिसऱ्या दिवशी सर्वांत जास्त असते आणि पाच-सात दिवसांत आपोआप जाते.

'लॅक्टिक आम्ल साचले' असे कारण पूर्वी सांगत. ते आम्ल व्यायाम थांबल्यावर तासाभरात रक्तातून नाहीसे होते, तेव्हा दोन दिवसांनी येणाऱ्या दुखण्याचा दोष त्याच्यावर टाकता येत नाही. या दुखण्याला औषध लागत नाही. अंथरूण धरू नये, सपाट रस्त्याने थोडे चालावे. महत्त्वाचे म्हणजे एकदा असा ताण सोसलेला स्नायू पुढच्या वेळी कमी दुखतो. अर्थात, गडावर जायचे असेल तर आधी दोन-तीन आठवडे घराच्या जिन्यावर किंवा टेकडीवर चढउतार करावी.

मात्र पहिल्याच दिवशी ईर्ष्येने दोनशे-तीनशे बैठका मारणाऱ्यांनी एक धोका ओळखावा. स्नायू फार मोठ्या प्रमाणात फाटले तर त्यातील द्रव्य रक्तात उतरून मूत्रपिंडाला इजा करते. पाय सुजून ताठले आणि लघवी काळ्या चहासारखी होऊ लागली तर एक तासही न दवडता रुग्णालय गाठावे.

नडगीचे दुखणे

भरतीची तयारी करणाऱ्यांमध्ये हे फार आढळते. दिवाळीपर्यंत काहीच व्यायाम नसतो. जाहिरात निघाल्याबरोबर डांबरी रस्त्यावर, झिजलेल्या बुटांनी, रोज पाच-सहा किलोमीटर धावणे सुरू होते. हृदय आणि फुप्फुसे काही आठवड्यांत तयार होतात, हाडे मात्र सावकाश बळकट होतात. मग नडगीच्या आतल्या कडेला दुखू लागते. सुरुवातीला ते धावल्यावर दुखते, पुढे धावताना आणि शेवटी चालतानाही.

दुखणे नडगीभर पसरलेले असेल तर दोन-तीन आठवडे धावणे थांबवून सायकल किंवा पोहणे चालू ठेवावे. पण बोटाने दाबल्यावर एकाच बिंदूवर कळ येत असेल आणि रात्रीही ठणकत असेल, तर हाडाला बारीक तडा गेला असण्याची शक्यता असते. सुरुवातीच्या क्ष-किरण चित्रात तो दिसेलच असे नाही. वेदनाशामक गोळी खाऊन त्याच पायावर धावणाऱ्याचे हाड पूर्ण मोडू शकते. ज्या मुलींची पाळी व्यायामामुळे किंवा अपुऱ्या आहारामुळे अनियमित झाली असेल, त्यांची हाडे अधिक लवकर तडकतात. तेव्हा ही गोष्ट डॉक्टरांपासून लपवू नये.

भरतीच्या मैदानावर

सध्या पोलीस शिपाई पदासाठी मुलांना १६०० मीटर आणि मुलींना ८०० मीटर धावावे लागते. २०१४ च्या जून महिन्यात मुंबईत पोलीस भरतीच्या वेळी ५ किलोमीटर धावण्याच्या चाचणीत त्रास होऊन काही तरुण उमेदवार दगावले, त्यानंतर हे अंतर कमी करण्यात आले. रात्रभर एस.टी.चा प्रवास, झोप नाही, पोटात अन्न नाही आणि नंतर उकाड्यात जिवाच्या आकांताने धावणे, हा मेळ वाईट असतो.

उन्हात धावताना गोळे येऊ लागणे ही कधीकधी पहिली सूचना असते. त्यापाठोपाठ चक्कर, उलटी, तोल जाणे, असंबद्ध बोलणे सुरू झाले तर तो साधा गोळा राहिला नाही, उष्माघात सुरू झाला असे समजावे. त्या मुलाला सावलीत न्यावे, कपडे सैल करावेत, अंगावर भरपूर गार पाणी ओतून वारा घालावा आणि १०८ क्रमांकाची रुग्णवाहिका बोलवावी. शुद्ध हरपली असेल तर तोंडात पाणी घालू नये. 'थोडेच राहिले, पळ' असे ओरडणाऱ्या मित्रांनी त्या क्षणी त्याला थांबवणे हीच खरी मैत्री होय.

धावण्याआधी वेदनाशामक गोळी किंवा ताकदीचे म्हणून मिळणारे इंजेक्शन घेण्याची प्रथा तर पूर्णपणे बंद व्हायला हवी. अंगात पाणी कमी असताना अशा गोळ्यांनी मूत्रपिंडाला अपाय होतो.

चालताना थांबायला लावणारे दुखणे

आता सर्वांत दुर्लक्षित दुखण्याकडे वळू. साधारण पन्नाशी उलटलेला गृहस्थ, अनेक वर्षांची विडी किंवा सिगारेट, कदाचित जोडीला मधुमेह. चालायला लागले की ठरावीक अंतरावर पोटरी भरून येते आणि आवळते. दोन-पाच मिनिटे उभे राहिले की दुखणे जाते. पुन्हा तेवढेच अंतर चालले की पुन्हा येते. चढावर ते लवकर येते. घरचे म्हणतात, वय झाले.

हे वय नव्हे. पायाकडे रक्त नेणाऱ्या धमन्या आतून अरुंद झाल्याने कष्टाच्या वेळी स्नायूला रक्त पुरत नाही. हृदयात असे झाले की छातीत दुखते, पायात झाले की पोटरीत. ज्याच्या पायाच्या धमन्या अरुंद, त्याच्या हृदयाच्या आणि मेंदूच्या धमन्याही बहुधा निर्दोष नसतात. डॉक्टर पायाच्या पाठीवरची आणि घोट्यामागची नाडी हाताने तपासतात, पाय आणि दंड यांच्या रक्तदाबाची तुलना करतात. एवढ्या साध्या तपासणीने पुष्कळदा निदान होते.

तरुणांनाही याचे एक रूप गाठते. न्यूयॉर्कमधील डॉक्टर लिओ बर्गर यांनी १९०८ साली वर्णन केलेला आणि त्यांच्याच नावाने ओळखला जाणारा हा विकार विडी आणि तंबाखूच्या व्यसनी तरुणांत दिसतो. भारतात तो कमी नाही. तळपायात चालताना दुखणे, बोटे गार आणि निळसर पडणे, बोटाची जखम न भरणे ही त्याची लक्षणे. तंबाखू पूर्ण सोडली तर विकार बहुतेकांमध्ये थांबतो. दिवसाला एक-दोन विड्या चालू ठेवल्या तरी तो पुढे सरकतो आणि बोटे, मग पाय कापण्याची पाळी येते. तंबाखू चघळणे आणि मिश्री लावणे यांनाही या बाबतीत सूट नाही.

यावर उपाय आहेत. तंबाखू बंद, साखर आणि रक्तदाब आटोक्यात, डॉक्टरांनी दिलेली औषधे आणि चालणे. आश्चर्य वाटेल, पण या विकारात चालणे हेच औषध आहे : दुखेपर्यंत चालावे, थांबावे, दुखणे गेले की पुन्हा चालावे. रोज अर्धा-पाऊण तास असे काही महिने केले की न दुखता चालण्याचे अंतर वाढते. पायाला जखम असेल किंवा रात्री झोपेतही पाय दुखत असेल तर मात्र आधी डॉक्टरांना दाखवावे.

काही जणांना चालताना असेच दुखते, पण नुसते थांबून भागत नाही, खाली बसावे किंवा पुढे वाकावे लागते. सायकल चालवताना त्रास होत नाही. अशा वेळी दोष कमरेच्या मणक्यात असू शकतो.

रात्रीचे गोळे

आवणीच्या दिवसांत डिंभे धरणापलीकडच्या गावांतून बायाबापडे दिवसभर चिखलात वाकून भात लावतात आणि रात्री झोपेत पोटरीत गोळा येऊन दचकून उठतात. तमाशाच्या फडात घुंगरांचे ओझे पायात बांधून रात्रभर नाचणाऱ्या कलावंतांनाही हा त्रास नवा नाही. थकलेली पोटरी आणि झोपेत खाली वळलेला चवडा, या दोन्हींमुळे स्नायू आखूड स्थितीत राहतो आणि गोळा येतो. झोपण्याआधी वर सांगितलेला भिंतीचा ताण तीन-चार वेळा द्यावा आणि पायावरचे पांघरूण सैल ठेवावे. गरोदरपणात आणि म्हातारपणी असे गोळे अधिक येतात. लघवीच्या गोळ्या किंवा कोलेस्टेरॉलच्या काही गोळ्या चालू असतील तर डॉक्टरांना सांगावे, मात्र त्या मनाने बंद करू नयेत. मॅग्नेशियमच्या गोळ्यांचा वृद्धांच्या गोळ्यांवर फारसा उपयोग होत नाही, असे २०२० साली झालेल्या अनेक अभ्यासांच्या एकत्रित परीक्षणात दिसले. क्विनाइन तर घेऊच नये, त्याचे रक्तावर आणि हृदयावर गंभीर दुष्परिणाम होतात.

हे ध्यानात ठेवा

१. धावण्याचे अंतर एकदम वाढवू नका. आठवड्याला थोडे थोडे वाढवा आणि आठवड्यातून एक-दोन दिवस पायांना विश्रांती द्या.

२. सुरुवातीची दहा मिनिटे भरभर चालून अंग गरम करा, मग धावा. धावून झाल्यावर पोटरी आणि मांडी ताणा.

३. डांबरी रस्त्यापेक्षा मातीचे मैदान बरे. झिजलेले बूट बदला.

४. पायऱ्या चढणे, चवड्यांवर उभे राहून टाचा हळूहळू खाली आणणे अशा व्यायामांनी पोटरी बळकट करा. बळकट स्नायू उशिरा थकतो.

५. उन्हाच्या वेळी धावू नका. ताप, जुलाब किंवा जागरण झाले असेल तर त्या दिवशी विश्रांती घ्या.

६. एकच पाय सुजला, गरम लागू लागला आणि दुखू लागला तर चोळू नका. आत रक्ताची गुठळी असू शकते. त्याच दिवशी डॉक्टरांना दाखवा.

गोळा येऊन गेला की माणूस हसतो आणि विसरतो, बहुतेक वेळा ते योग्यच असते. पण ठरावीक पावलांवर थांबवणारी पोटरी, एका बिंदूवर ठणकणारी नडगी आणि एकाच पायाची सूज यांना विसरू नये. घरातील वडील माणूस बाजारात चालता चालता 'जरा थांबू या' असे वारंवार म्हणत असेल, तर त्यांना आधार देऊन पुढे नेऊ नका. त्यांच्या पायाची नाडी तपासून घ्या आणि खिशातील विडीचे बंडल काढून घ्या.